जुन्या मोटारीची बखर



आज आपल्याशी बोलायचे आहे ते इतिहासाविषयीच. पण या इतिहासात लढाया नाहीत, तह नाहीत, आणि सनावळीही बेताचीच आहे. आजचा विषय आहे जुनी मोटार. पुष्कळ रस्ते तुडवलेली, अनेक हातांखालून गेलेली मोटार अडली, तर तिचे नेमके काय बिघडले आहे हे ओळखायचे कसे? आणि आपल्या भागात ही विद्या लोकांनी कशी कमावली?

महाडहून रायगडाकडे निघाले की वाटेत नाते गाव लागते. पुढे पाचाड, आणि मग गड. दुसऱ्या बाजूला पोलादपूर, तिथून कशेडीचा घाट उतरून खेडकडे जाणारी वाट, आणि आंबेनळीचा घाट चढून महाबळेश्वरला जाणारी वाट. महाडहून भोरला जायचे तर वरंधा. म्हणजे घरातून बाहेर पडलेला माणूस चार-सहा कोसांत कुठल्या ना कुठल्या चढाला लागतोच. अशा मुलखात मोटारीचे इंजिन हा केवळ मेस्त्रीचा विषय राहत नाही. एस.टी.ची वस्तीची गाडी रात्री वाडीत येऊन थांबते आणि पहाटे निघते. तीत परीक्षेला जाणारी पोरे असतात, महाडच्या दवाखान्यात न्यायची म्हातारी असते, बाजाराला जाणारी भाजीची पाटी असते. पहाटे गाडीने दोनदा घरघर करून मान टाकली, की साऱ्या वाडीचा दिवस मोडतो. अंथरुणातला माणूस तो आवाज ऐकूनच म्हणतो, "आज काय खरं नाही."

मग गाडीभोवती माणसे जमतात आणि एक वाक्य हमखास ऐकू येते : "गाडी जुनी झाली हो, दुसरं काय!"

मंडळी, माझे म्हणणे एवढेच आहे, की हे वाक्य म्हणजे निदान नव्हे. जुनेपण हे बिघाडाचे कारण नसते. जुनेपण म्हणजे इतिहास, आणि इतिहासाला प्रश्न विचारावे लागतात. ते कसे विचारायचे, हे आपल्याकडच्या चालकांनी आणि फिटरांनी शंभर वर्षांत कसकसे शिकून घेतले, ते आता पाहू.

आरंभ १९२०च्या सुमारास झाला. त्या काळात आपल्या प्रांतात ठिकठिकाणी खाजगी मालकांनी प्रवासी मोटारी सुरू केल्या. वेळापत्रक मालकाच्या मर्जीचे, भाडे गर्दीच्या मानाने. १९३९ साली मोटार वाहन कायदा आला तेव्हा कुठे या कारभाराला शिस्त लागू लागली. त्या मोटारी बहुतेक पेट्रोलच्या. सुरू करायच्या तर पुढे हँडल घालून फिरवायचे. गाडी एकाची, चालक ठरलेला, आणि हाताखाली एक क्लीनर. तोच गाडी पुसणार, पाणी भरणार, चढावर चाकामागे दगड लावणार, आणि चार वर्षांनी तोच चालक होणार.

या माणसांजवळ पुस्तक नव्हते, कान होता. पेट्रोलच्या इंजिनात हवा आणि पेट्रोल यांचे मिश्रण ठिणगीने पेटते. तेव्हा गाडी थांबली, की दोनच प्रश्न : ठिणगी पडते का, आणि पेट्रोल पोचते का? इंजिन लंगडत असेल तर क्लीनर एकेका प्लगची वायर सावधपणे काढून पाही. वायर काढल्यावर आवाज आणखी बिघडला, तर तो सिलिंडर काम करीत होता. काढूनही आवाजात फरक पडला नाही, तर दोषी तिथेच! पाहा, या खेडवळ युक्तीत केवढे शास्त्र आहे. एका वेळी एकच गोष्ट बदलायची, आणि काय फरक पडला ते पाहायचे. शाळेच्या प्रयोगशाळेत गुरुजी याहून वेगळे काय शिकवतात?

दुसऱ्या महायुद्धात पेट्रोलवर बंधने आली, आणि कोळशाच्या गॅसवर चालणाऱ्या मोटारी रस्त्यावर आल्या. गाडीला एक उभी टाकी जोडलेली असे. तीत कोळसा पेटवून निघणारा वायू गाळून, थंड करून इंजिनाला द्यायचा. या वायूवर इंजिनाचा जोर तिसऱ्या हिश्श्याहून अधिक घटे. चढ आला की उतारूंनी उतरून चालावे, प्रसंगी ढकलावे, अशी तेव्हाची रीत होती. पण चालकांना या काळात एक नवा धडा मिळाला. राख आणि डांबर यांनी गाळणी तुंबत, आणि इंजिनात काहीएक दोष नसतानाही गाडी मरगळे. इंजिन अडले म्हणजे दोष इंजिनातच असतो असे नाही. तो इंजिनापर्यंत पोचणाऱ्या वाटेवरही असू शकतो, हे त्या पिढीला कोळशाने शिकवले.

मग १ जून १९४८ रोजी पुणे ते अहमदनगर या मार्गावर सरकारी एस.टी.ची पहिली गाडी धावली. बेडफर्ड गाडी, लाकडी बांधणी, काथ्याची आसने. पुढे मुंबई राज्याचे परिवहन महामंडळ झाले, आणि महाराष्ट्र राज्य स्थापन झाल्यावर १९६१ साली त्याचे महाराष्ट्राचे महामंडळ झाले. आज रायगड विभागाचे ठाणे पेणला आहे, महाडला डेपो आहे, आणि मोठ्या कामांसाठी दापोडीसारख्या मध्यवर्ती कार्यशाळा आहेत.

या बदलाने प्रवाशाची सोय झाली, हे आपण जाणतोच. पण निदानाच्या विद्येत काय बदलले, तिकडे आपले लक्ष जात नाही. पूर्वी गाडी एका माणसाची असे. तिची प्रत्येक खोड त्याला ठाऊक असे. आता तीच गाडी आज एकाच्या हाती, उद्या दुसऱ्याच्या. सकाळचा चालक पोलादपूरला उतरून गेला, संध्याकाळच्याला काय माहीत, की दुपारी गाडीने घाटात दोनदा पाणी मागितले होते? तेव्हा जे एकाच्या कानात साठत होते, ते कागदावर उतरवणे भाग पडले. चालकाने दिवसाचा हिशेब लॉगशीटवर मांडायचा, बिघाड असेल तो लिहून द्यायचा, फिटरने काय केले ते लिहायचे, किती किलोमीटर झाले आणि लिटरमागे किती पडले याचा मेळ घालायचा.

हिशेबाची गोष्ट निघाली म्हणून सांगतो. रिझर्व्ह बँकेचे पहिले भारतीय गव्हर्नर आणि पुढे देशाचे अर्थमंत्री झालेले चिंतामणराव देशमुख १८९६ साली याच नाते गावी जन्मले. पैशाच्या वहीत एक आकडा जुळला नाही तर जाणता हिशेबनीस वही फाडून नवी करीत नाही. तो मागे मागे जाऊन, कोणत्या तारखेपासून मेळ चुकला ते शोधतो. गाडीची वहीदेखील अशीच वाचायची असते. लिटरमागे पाच किलोमीटर जाणारी गाडी एखाद्या पंधरवड्यात चारावर आली, तर ती काहीतरी सांगत असते. धूर दिसायच्या आधी, आवाज बिघडायच्या आधी, तो आकडा बोलतो.

याच सुमारास रस्त्यांवर डिझेलचे राज्य आले. रुडॉल्फ डिझेल या जर्मन अभियंत्याला १८९३ साली त्याच्या इंजिनाचे पेटंट मिळाले, आणि १८९७ साली आउग्सबुर्ग येथे ते इंजिन कसोटीला उतरले. इंधनातल्या उष्णतेचा चौथ्या हिश्श्याहून थोडा अधिक भाग त्याने कामी लावला; त्या काळच्या वाफेच्या इंजिनांना हे जमत नव्हते. पण ते यंत्र अवजड होते. १९२७ साली रॉबर्ट बॉश यांच्या कारखान्यातून डिझेल फवारणारे आटोपशीर पंप मोठ्या प्रमाणावर निघू लागले, तेव्हा हे इंजिन मालमोटारींत सर्रास बसू लागले. आपल्याकडे टाटांनी १९५४ मध्ये जर्मनीच्या डाइमलर-बेंझशी करार करून जमशेदपूरला मालमोटारी काढायला आरंभ केला. या इंजिनांना लागणारे नोझल आपल्या महाराष्ट्रात, नाशिकला, १९६९ पासून होऊ लागले.

डिझेलच्या इंजिनात ठिणगी नसते. नुसती हवा आत घेतात आणि ती इतकी दाबतात, की पंधरा-वीस घागरी हवा एका घागरीत कोंबावी. दाबलेली हवा भयंकर तापते. सायकलच्या चाकात हवा भरताना पंपाचे बूड गरम लागते, ते आठवा. त्या तापल्या हवेत डिझेलचा बारीक फवारा सोडला, की तो आपोआप पेट घेतो. म्हणजे डिझेलच्या इंजिनाला तीन गोष्टी हव्यात : पुरेशी हवा, तिच्यावर पुरता दाब, आणि वेळेवर पडणारा स्वच्छ फवारा. बॅटरी आणि सेल्फ शाबूत असून गाडी सुरू होत नाही किंवा ओढत नाही, तर या तिघांपैकी कुणीतरी गैरहजर आहे. हजेरी घेतली की झाले.

ही हजेरी घ्यायला जुन्या फिटरांनी पहिली खूण धरली ती धुराची. काळा धूर म्हणजे डिझेल जास्त किंवा हवा कमी. धुळीच्या रस्त्यांवर फिरून हवेची गाळणी तुंबली, नोझल फवारा न करता धार धरू लागले, किंवा गाडीत भार फार झाला, की धूर काळा. निळसर धूर म्हणजे इंजिनातले वंगणतेल जळते आहे. पिस्टनच्या रिंगा झिजल्या असतील, व्हॉल्व्हच्या वाटेने तेल उतरत असेल. पांढरा धूर म्हणजे डिझेल न जळताच वाफ होऊन बाहेर पडते आहे. पहाटेच्या गारव्यात तो थोडा वेळ दिसला तर घाबरू नये. पण इंजिन तापल्यावरही पांढरा धूर हटत नाही आणि रेडिएटरमधले पाणी रोज कमी होते, तर मात्र ते पाणी सिलिंडरात शिरत असावे, आणि हेड गॅस्केटकडे पाहिले पाहिजे.

दुसरी खूण आवाजाची. लांब पेचकसाचे टोक इंजिनाला टेकवून मूठ कानाशी धरणारा फिटर आपण पाहिला असेल. फ्रान्समध्ये लाएनेक नावाच्या डॉक्टराने १८१६ साली कागदाची सुरळी करून रोग्याच्या छातीचा आवाज ऐकला, त्यातूनच पुढे स्टेथोस्कोप झाला. फिटरचा पेचकस त्याच घराण्यातला. कुठला सिलिंडर मेला आहे, हे शोधायला जुन्या डिझेल इंजिनात एकेका नोझलच्या नळीचा नट किंचित सैल करून आवाज पाहत. क्लीनरच्या वायरीचीच ही नवी आवृत्ती. मात्र एक इशारा देऊन ठेवतो. तो फवारा इतक्या दाबाचा असतो, की कातडी भेदून आत शिरतो. आणि आजकालच्या संगणकी डिझेल इंजिनात तर दाब त्याहून कितीतरी पट असतो. तिथे ही युक्ती मुळीच करू नये.

तिसरी खूण उष्णतेची, आणि ती आपल्या घाटांची खास. गाडी सपाटीवर ठीक असते, आंबेनळीत तापते. का? चढावर इंजिन पूर्ण जोरात, पण गाडी मंद. समोरून येणारा वारा कमी, सारी मदार पंख्यावर. सपाटीवर झाकून राहिलेला दोष घाट उघडा पाडतो. पट्टा सैल आहे, रेडिएटरच्या जाळीत चिखल आणि गवत बसले आहे, आत गंज साचला आहे, अशी कारणे असतात. त्यात आणखी एक गंमत. महाबळेश्वराच्या उंचीवर, म्हणजे समुद्रसपाटीपासून सुमारे साडेतेराशे मीटरवर, उघड्या भांड्यातले पाणी ९५-९६ अंशांनाच उकळते. म्हणून रेडिएटरचे झाकण दाब धरणारे असते. ते सैल झाले, तर चांगले इंजिनही वर जाऊन उकळ्या मारते. रुपयांचा दोष झाकणात, आणि हजारांचा संशय इंजिनावर! मात्र तापलेल्या रेडिएटरचे झाकण लगेच उघडू नये, आणि तापल्या इंजिनात थंड पाणी ओतू नये. पहिल्याने माणूस भाजतो, दुसऱ्याने इंजिनाचे हेड तडकते.

आता या खुणा आणि ती वही यांचा मेळ कसा घालतात, ते एका उदाहरणाने पाहू. समजा, एक जुनी गाडी पोलादपूरहून महाबळेश्वराला निघाली आहे. वाट सुमारे चाळीस किलोमीटरची. पहिला अर्धा तास गाडी उत्तम चालते. मग घाटात तिचा जोर जातो. धूर काळा नाही, निळा नाही. पाणी तापलेले नाही. शेवटी ती बंद पडते. दहा-पंधरा मिनिटे थांबून पुन्हा सुरू केली, तर काही झालेच नाही अशी चालते, आणि पुढे पुन्हा तेच.

जमलेल्या मंडळींत तीन मते पडतात. एक म्हणतो, "पंप गेला, पुण्याला पाठवा." दुसरा म्हणतो, "नोझल बदला." तिसरा म्हणतो, "इंजिन उतरवा, जुनं झालंय." तिघांनीही हे पूर्वी कुठल्या ना कुठल्या गाडीत खरे ठरलेले पाहिले आहे, म्हणून तिघेही ठाम आहेत. आणि तिघांपैकी एकानेही गाडीला काही विचारलेले नाही.

मग एक वयस्क फिटर येतो. तो पाना उचलत नाही. चालकाला विचारतो, "किती वेळानं बंद पडते?" — "अर्ध्या-पाऊण तासानं." "पडायच्या आधी झटका देते, की हळूहळू मरते?" — "हळूहळू." "थांबल्यावर बरी होते?" — "होते." "असं कधीपासून?" — "झाले की आठ दिवस." मग तो वही मागवतो. नऊ दिवसांपूर्वीची नोंद : डिझेलच्या टाकीचे झाकण हरवले, दुसरे बसविले.

फिटर टाकीपाशी जातो आणि ते नवे झाकण फिरवतो. फुस्स करून हवा आत शिरते. जुन्या झाकणाला हवा आत घेण्यासाठी बारीक भोक होते. या झाकणाला ते नाही. डिझेल खर्च होई तसतशी टाकी आतून हवेवाचून आखडत जाई, आणि पंपाला डिझेल ओढता येईना. थांबल्यावर कुठल्यातरी फटीतून थोडी हवा शिरे, आणि गाडी पुन्हा जिवंत होई. घरी तेलाच्या डब्याला एकच भोक पाडले तर धार नीट पडत नाही, दुसरे पाडले की पडते. तसेच हे.

पण खरा फिटर एवढ्यावर थांबत नाही. भोक असलेले झाकण बसवून तो त्याच घाटात, तेवढाच भार घेऊन गाडी पुन्हा चढवून पाहतो. ती थांबली नाही, तरच निदान पक्के. केवळ पटले म्हणून खरे धरायचे नाही. पडताळून खरे करायचे.

आता शिक्षक श्रोत्यांनी माझ्याबरोबर जरा रायगडाकडे पाहावे. शिवाजीमहाराजांचे देहावसान १६८० साली या गडावर झाले. कृष्णाजी अनंत सभासदाने आपली बखर लिहिली ती त्यानंतर दीड-एक तपाने, दूर जिंजीला बसून. तीही जवळच्या माणसाने लिहिलेली म्हणून मोलाची. पुढच्या बखरी तर कित्येक पिढ्यांनी, ऐकीव गोष्टींवरून लिहिल्या गेल्या. बखर रसाळ असते, तिच्यात पुष्कळ खरेही असते. पण तारखा सरकतात, एकाचे कर्तृत्व दुसऱ्याच्या नावावर जाते. म्हणून विश्वनाथ काशिनाथ राजवाडे गावोगाव दप्तरे धुंडाळीत फिरले, आणि १८९८ पासून त्यांनी 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' खंडाखंडाने छापली. त्यांचा आग्रह असा, की घटना घडली त्याच वेळी लिहिलेला कागद आधी पाहा.

जुन्या मोटारीपाशीही हेच दोन साक्षीदार उभे असतात. चालक सांगतो ती बखर. ती टाकाऊ मुळीच नाही. गाडीबरोबर दिवस काढलेला माणूस तो. पण तो थकलेला असतो, आपल्यावर ठपका येईल या भीतीने कधी एखादी गोष्ट गाळतो, कधी आठवणीत दिवस चुकतो. लॉगशीटवरची नोंद म्हणजे अस्सल पत्र. दोन्ही समोर ठेवून जो ताडून पाहतो, तो इतिहासकार. आणि तोच उत्तम फिटर. आणि ज्या जागी खरे लिहिणाऱ्या चालकाला बोलणी बसतात, तिथे हळूहळू वह्या कोऱ्या पडतात, आणि मग गाड्या अंदाजाने दुरुस्त होऊ लागतात. म्हणून बिघाड लिहून देणाऱ्या माणसाला जपले पाहिजे.

निदान चुकले तर काय होते, हे महाडकरांनी २०२१ साली जवळून पाहिले. २२ जुलैच्या त्या अतिवृष्टीत सावित्री आणि गांधारी यांचे पाणी शहरात शिरले. त्याच दिवशी तालुक्यातल्या तळीये गावावर दरड कोसळून अनेक जीव गेले. त्या दुःखापुढे यंत्रांच्या नुकसानीला काय मोल! पण पूर ओसरल्यावर जगणाऱ्याला पोटासाठी उठावेच लागते. अशा वेळी चिखलातून निघालेली रिक्षा, टेम्पो, जीप सुरू होते का, हे पाहण्याची घाई कुणालाही होते, आणि नेमकी तीच घाई घात करते. हवा दबते, पाणी दबत नाही. सिलिंडरात पाणी असताना सेल्फ मारला किंवा धक्का देऊन गाडी सुरू केली, तर वर येणारा पिस्टन त्या पाण्यावर आदळतो आणि कनेक्टिंग रॉड वाकतो. साफ करून वाचले असते ते इंजिन, क्षणात कामातून जाते. बुडालेल्या गाडीला आधी चावी लावायची नाही. बॅटरी सोडवायची, हवेच्या गाळणीत पाणी आहे का पाहायचे, तेलाचा रंग दुधाळ झाला आहे का ते पाहायचे, नोझल किंवा प्लग काढून इंजिन हाताने फिरवून पाणी बाहेर काढायचे, तेल, गाळण्या, डिझेल बदलायचे, आणि मग सेल्फ. पुराच्या प्रदेशात राहणाऱ्या आपण सर्वांनी ही गोष्ट मनाशी पक्की बांधून ठेवावी.

आता कोणी म्हणेल, "हे सारे जुने झाले. आता संगणक सांगतो." खरे आहे. आपल्या देशात १ एप्रिल २०२० पासून विकल्या जाणाऱ्या नव्या गाड्या बीएस-६ नियमांच्या आहेत, आणि त्यांच्या पोटात स्वतःवर नजर ठेवणारा संगणक असतो. यंत्र जोडले की तो बिघाडाचा क्रमांक दाखवतो. पण तो क्रमांक काय सांगतो? एवढेच, की अमुक ठिकाणी दाब कमी आहे. का कमी आहे, ते तो सांगतोच असे नाही. आपल्या उदाहरणातल्या गाडीला संगणक असता, तर त्याने "डिझेलचा दाब कमी" असे म्हटले असते, आणि पंप पुण्याला गेला असता! क्रमांक हाही एक साक्षीदार. न्याय आपल्यालाच करायचा.

तसेच १ एप्रिल २०२३ पासून सरकारी आणि सरकारी परिवहन महामंडळांच्या पंधरा वर्षांवरील गाड्या रस्त्यावर ठेवायच्या नाहीत, असा नियम झाला. त्याच्याही आधी, १ जून २०२२ रोजी, ज्या वाटेवर पहिली एस.टी. धावली होती त्याच पुणे-नगर वाटेवर 'शिवाई' ही विजेवर चालणारी एस.टी. सुरू झाली. नगरचे नाव आता अहिल्यानगर आहे. विजेच्या गाडीला धूर नाही, नोझल नाही, गॅस्केट नाही. काळ्या-निळ्या धुराची विद्या एक दिवस ऐकीव गोष्ट होईल. त्याचे दुःख नको. कोळशाच्या टाकीचे तरी आज कोण दुःख करतो? पण बॅटरी चढावर लवकर का उतरते, कधीपासून, कुठल्या कामानंतर, हे प्रश्न तिथेही विचारावेच लागतील. साधन बदलते, विचारण्याची रीत तीच राहते.

तेव्हा मंडळी, घरी मोटारसायकल असो, शेतावर पंपाचे इंजिन असो, की गावात एखादी जुनी जीप असो, चार आण्यांची एक वही तिच्या नावाने घाला, असे पूर्वी सांगितले असते. आता तिला दहा-वीस रुपये पडतील. तारीख, किलोमीटर, किती तेल घातले, काय बदलले, काय आवाज आला, एवढेच लिहा. गुरुजींनी तर मुलांकडून शाळेच्या वाटेवरल्या एस.टी.ची अशी टिपणे करून घ्यावीत : आज किती वाजता आली, धूर कसला होता, चढाला कशी बोलली. इतिहासाची साधने कशी जमतात, ते मुलांना याहून सोप्या रीतीने क्वचितच कळेल.

आणि अखेरीस एक. पहाटेच्या त्या गाडीत बसलेल्या म्हातारीचा विचार करा. ती दवाखान्यात जाते, पायाची सूज दाखवते, आणि कुणीतरी न तपासताच म्हणते, "आजी, वय झालं आता." ती गप्प बसून परत येते. गाडीला जे आपण म्हणतो, तेच हे. वय झाले हे खरेच. पण सूज कालपासून आहे की सहा महिन्यांपासून, हे विचारायला वय आड येत नाही. विचारले, तर कदाचित साधे औषध पुरते. न विचारता मात्र काहीच कळत नाही, गाडीचेही आणि माणसाचेही.

उद्या वाडीत गाडी अडली आणि कुणी म्हणाले, "जुनी झाली हो," तर आपण एवढेच विचारा : "ते खरं, पण असं कधीपासून होतंय?"